एव्हर्ट हिडिंगचा हलता समुद्र

ॲमस्टरडॅम, ३ मे १९५५

प्रिय ताई,

तुला आणि भावजींना नमस्कार. पार्सल मिळालं, मोजे मिळाले, मोज्यांत कोंबलेलं चीजही मिळालं. मोजे तीनदा धुतले, चीजचा वास काही जात नाही. पण ऊब चांगली आहे.

बातमी अशी, की तुझा भाऊ मोठा माणूस होतोय. लढाई संपल्यापासून मी कशाकशाचं चित्रण केलं ते तुला पाठच आहे. आधी पडलेले पूल, मग नवे पूल, मग नव्या पुलांवर फिती कापणारे टोपीवाले. पुढे रोस्केनसाहेबांनी मला अनुबोधपटांसाठी कॅमेरामन म्हणून घेतलं. मग विटांची भट्टी झाली, जवसाचं शेत झालं, आणि तो बटाट्यांवरचा पट झाला, जो बघता बघता लामर्टभावजी घोरायला लागले होते. सगळं जमिनीवरचं. जमीन एका जागी राहते, हा तिचा केवढा मोठा गुण आहे ते मला आत्ता कळतंय.

कारण काल रोस्केनसाहेबांनी सगळ्यांना बोलावून जाहीर केलं, "पुढचा पट समुद्रावर. हेरिंग मासे पकडणारी बोट, खवळलेली लाट, झुंजणारा माणूस! एव्हर्ट, तू तर ड्रेंटचा, शेतातला. तुला झेपेल?"

मी म्हणालो, "समुद्र? साहेब, माझ्या रक्तातच आहे!"

ताई, आपल्या घराण्यात समुद्र कुणाच्याच रक्तात नाही. आजोबांच्या रक्तात फार तर दारू होती. मी तर जत्रेतल्या पाळण्यात बसलो तरी खालच्या लोकांना छत्र्या उघडाव्या लागायच्या. व्लीलँड बेटावर जाताना त्या एवढ्याशा होडीत माझं काय झालं होतं ते तुझ्या त्या वेळच्या झग्याला विचार.

मग असं का बोललो? खोलीत बाकीचे लोक होते. प्लोनी होती. ती आमच्याकडे संकलन करते, म्हणजे मी आणलेली फिल्म कापून-जोडून तिचा सिनेमा करते. तिचे वडील फ्लार्डिंगनला हेरिंगच्या बोटीवर कप्तान आहेत आणि त्यांचीच बोट आम्ही घेणार आहोत. 'समुद्र' हा शब्द निघाला तशी प्लोनीने मान वर करून पाहिलं. बास, एवढंच झालं.

पोट जागेवर राहील असा काही उपाय असेल तर लगेच कळव.

तुझा,
एव्हर्ट


वेस्टरलो, ८ मे १९५५

चि. एव्हर्टास,

आशीर्वाद देते, कारण तशी रीत आहे. खरं म्हणजे समोर असतास तर कान उपटला असता. 'रक्तात आहे' म्हणे! रक्तात जे असेल ते राहू दे, पोटातलं बाहेर येणार आहे त्याचं काय?

मी तुझं पत्र ह्यांना वाचून दाखवलं. हे दुकानात सायकलच्या साखळीला तेल घालत होते. ऐकून म्हणाले, "उतर म्हणावं."

मी म्हटलं, "अहो, तो अजून चढलेला नाही."

"मग चढू नको म्हणावं." आणि परत साखळी.

पण तू ऐकणारा असतास तर सिनेमात कशाला गेला असतास? सोबत साखरेच्या पाकातल्या आल्याची बरणी पाठवते आहे. बोटीवर पाय ठेवायच्या आधी दोन तुकडे, नंतर जसे लागतील तसे. दुसरा उपाय यांतिनकाकूंचा. बनियनच्या आत, पोटावर जाड तपकिरी कागद गुंडाळायचा. त्यांचे यजमान तो कागद गुंडाळून ईस्ट इंडीजला जाऊन आले. परत आल्यावर बायकोलाही ओळखेनात, पण पोट शाबूत होतं म्हणतात.

आणि हो, ही प्लोनी कोण? तुझ्या पत्रात समुद्राला दोन ओळी आणि तिला चार. मी काही बटाट्यावरची माती नाही, झटकून टाकायला. नीट लिही.

तुझी,
ताई


फ्लार्डिंगन, ४ जुलै १९५५

प्रिय ताई,

हे पत्र जमिनीवर बसून लिहितोय. खुर्चीवर नाही, जमिनीवर. खुर्ची हलते असं वाटतं.

कागद पहिल्याच दिवशी भिजून लगदा झाला आणि चालताना माझ्या पोटातून बेडकासारखा आवाज यायला लागला. आलं मात्र जसं आलं तसं गेलं. त्याच वाटेने.

रोस्केनसाहेब बोटीवर आलेच नाहीत. "दिग्दर्शकाने विषयापासून अंतर राखावं," असं म्हणून ते बंदरावरच्या हॉटेलात राहिले. मी, कॅमेरा, आणि प्लोनीचे वडील कप्तान कॉमर. हा माणूस ओक लाकडाचा आहे. मी कॅमेऱ्याला डोळा लावला की शेजारी येऊन उभा राहायचा. कच्च्या हेरिंगची शेपटी धरून, वर कांदा भुरभुरून, मान मागे टाकून सबंध मासा घशात सोडायचा आणि म्हणायचा, "घे पोरा, ताजा आहे!"

मग मला पळावंच लागायचं.

मी एक युक्ती काढली होती. कॅमेऱ्यासकट स्वतःला डोलकाठीला बांधून घेतलं. श्वास रोखून जेवढं निभेल तेवढं चित्रण करायचं, आणि निभेनासं झालं की गाठ सोडून कठड्याकडे धाव. कॅमेरा बंद करायला वेळ कुठला? कधी तो हातातच असायचा, कधी तिथेच डेकवर पडून चालू राहायचा बिचारा. कुणालाच काही कळलं नाही. उलट मी कठड्यावरून ओणवा असताना कॉमर आपल्या माणसांना म्हणाले, "बघा, हा शेतकऱ्याचा पोर पाण्याच्या किती जवळ जाऊन बघतो. काम असं मन लावून करावं!"

ताई, एकही चित्र सरळ आलेलं नसणार. क्षितिज आपल्या स्वयंपाकघरातल्या फळीसारखं, एका बाजूला झुकलेलं. सगळी रिळं आता प्लोनीच्या टेबलावर गेली आहेत. माझा धंदा संपला. भावजींच्या दुकानात पंक्चर काढायला माणूस लागतो का विचारून ठेव.

प्लोनीबद्दल नीट लिही म्हणतेस. ती हसते तेव्हा आधी डावीकडून हसते. याहून नीट मला येत नाही.

एव्हर्ट


वेस्टरलो, २० नोव्हेंबर १९५५

चि. एव्हर्ट,

पंक्चरवाला नको आहे, दुकान व्यवस्थित चाललं आहे.

शनिवारी आस्सनला तुझा हेरिंगचा सिनेमा लागला म्हणून गावातले आम्ही सगळे खास बस करून गेलो. मी नवीन कोट घातला. सगळ्यांना सांगितलं, माझ्या भावाने केलाय. मग दिवे गेले आणि पडद्यावर तो समुद्र असा काही झुलायला लागला, की पुढच्या रांगेतली खाटकाची बायको "धरा मला!" म्हणाली. तिला धरायला खाटीक उठला तर तोच खाली बसला. यांनी पुढची खुर्ची दोन्ही हातांनी घट्ट धरली होती आणि डोळे मिटून घेतले होते. मला वाटलं, परत झोपले. पण हे पुटपुटत होते, "उतर म्हणावं, उतर म्हणावं."

बाहेर आलो तेव्हा अर्ध्या गावाचा रंग कोबीसारखा झाला होता. मी शरमेने मान खाली घातली. तेवढ्यात शाळेचे हेडमास्तर आले. तोंडाला रुमाल, पण डोळे चमकत होते. म्हणाले, "बाई, तुमचा भाऊ प्रतिभावंत आहे! राजधानीच्या पेपरात काय आलंय वाचलंत का?" आणि तिथेच उभ्याउभ्या वाचून दाखवलं: 'क्षितिजालाही यातना होतात हे आपल्याला हिडिंग यांच्या कॅमेऱ्याने प्रथमच दाखवले.'

आता मला एक सांग. यातना क्षितिजाला झाल्या की तुला? आणि कॅमेरा सरळ धरायला काय झालं होतं? लहानपणी दुधाची किटली तर छान सरळ धरायचास.

पण मान ताठ झाली रे. खाटकाने रविवारी आपणहून चांगला तुकडा दिला.

ताई


रॉटरडॅम, १० मार्च १९५७

प्रिय ताई,

किती महिने लिहिलं नाही, रागावू नकोस. लिहायला हात स्थिर लागतो.

त्या क्षितिजाने माझा घात केला. रोस्केनसाहेब जिथे तिथे सांगत सुटले, "ही एव्हर्टची शैली!" मग जहाजांना बंदरात आणणाऱ्या वाटाड्यांच्या बोटीवर पट झाला. मग गाळ काढणाऱ्या जहाजावर. मग त्या दीपनौकेवर, जी जहाजांना दिवा दाखवत नांगर टाकून एका जागी उभी असते. मी आनंदाने गेलो, म्हटलं एका जागी उभी आहे. ताई, एका जागी उभं राहून नाचणारी वस्तू ही सर्वांत वाईट. तिकडे परदेशात एका महोत्सवात बक्षीस मिळालं आणि एका फ्रेंच माणसाने माझे दोन्ही गाल चुंबून विचारलं, "ही लय तुम्हाला कुठून सुचते?" मी म्हणालो, "आतून."

माझे पट्टे आता शेवटच्या भोकाच्याही आत जातात.

आनंदाची बातमी आधी द्यायला हवी होती. प्लोनीने मला होकार दिला आहे. कॉमरकाकांनी माझ्या पाठीवर अशी थाप मारली की मी दोन पावलं पुढे गेलो. म्हणाले, "माझी मुलगी दर्यावर्दी माणसालाच द्यायची असं मी ठरवलंच होतं!"

आता वाईट. एक मोठी टग, म्हणजे जहाजं ओढणारी बोट, अख्खी तरंगती गोदी ओढत अटलांटिक ओलांडून कुरासाओला जाणार आहे. दोन महिने, कदाचित जास्त. कासवाच्या गतीने. रोस्केनसाहेबांना त्यावर मोठा पट हवा आहे आणि मी सही केली, कारण प्लोनी आणि कॉमरकाका तिथेच उभे होते. मे महिन्यात निघायचं. त्यातून मी परत येणार नाही, आलो तर कोट येईल.

म्हणून एक विनंती. भावजींकडे ब्रेक नसलेली एखादी सायकल असेल. ईस्टरला मी येतो. टेकडीवरून खाली सोडायचं, एक पाय मोडला तरी भागेल. डावा चालेल. खरं सांगून प्लोनीला गमावण्यापेक्षा पाय बरा.

तुझा दीन,
एव्हर्ट


वेस्टरलो, १६ मार्च १९५७

एव्हर्ट,

हे म्हणाले, "सायकल फुकट जाईल."

आणि आपल्या गावात टेकडी कुठली? तू समुद्रावर जाऊन जाऊन ड्रेंट विसरलास.

दोन वर्षं त्या पोरीला फसवतोयस आणि वर तिच्याशी लग्न करतोयस. जन्मभर काय सांगणार आहेस, आंबट खाल्लं म्हणून? ईस्टरच्या आत तिला सगळं खरं सांग. नाही सांगितलंस तर मी सांगेन. मला लिहिता येतं आणि पत्ताही माहीत आहे.

लग्न ठरल्याचा आनंद झाला. तो वेगळ्या कागदावर लिहीन, या कागदावर मी रागावलेली आहे.

ताई


रॉटरडॅम, २ मे १९५७

सौ. रूल्फिनताईंना प्लोनीचा नमस्कार.

तुमचं पत्र आलं. "पोरी, तुझ्या पायाखालची वाळू सरकेल, आधी बस," असं तुम्ही लिहिलं होतंत म्हणून मी बसले आणि मग वाचलं. वाळू काही सरकली नाही, ताई. मला पहिल्या रिळापासून माहीत आहे.

एव्हर्टला वाटतं, कुणी पाहिलं नाही. अहो, कॅमेरा चालू होता ना! दर वेळी तेच. आधी लाट, लाट, लाट. मग क्षितिज झुकतं. मग एकदम आकाश. मग डेक. मग त्याचे स्वतःचे बूट, पळणारे. एका ठिकाणी तर कॅमेरा पडल्या पडल्या त्याची कठड्यावर वाकलेली पाठच टिपत राहिला आहे, आणि शेजारी आमचे बाबा हातात हेरिंग घेऊन, कौतुकाने बघत. मी हे सगळं कापायचे आणि उरलेल्याला लोक शैली म्हणायचे. दोन वर्षांत मी एवढं आकाश आणि एवढे बूट कापलेत, की त्याचा वेगळा सिनेमा होईल. कात्री चालवताना हसून हसून पुरेवाट व्हायची.

पण त्या बुटांनंतर काय येतं सांगू? परत क्षितिज. तो तोंड पुसून परत कॅमेऱ्यामागे आलेला असतो. प्रत्येक वेळी, ताई. मी बंदरात वाढले. न घाबरणारे, पोट न ढवळणारे गडी मी पुष्कळ पाहिले, त्यांत काय मोठंसं? इतक्या वेळा पळून जाऊन इतक्या वेळा परत येणारा मात्र हा एकच पाहिला. मी होकार त्याला दिला.

मग बोलले का नाही? आमची आई म्हणायची, पुरुषाला आपणहून बोलायला वाव द्यावा. तिने बाबांना तीस वर्षं दिला. ते अजून बोललेले नाहीत. मी आईइतकी थांबणार नाही. टग सुटायच्या आत तो बोलला तर ठीक, नाहीतर त्याची कॉलर धरून मीच धक्क्यावर खाली आणते.

त्या कागदाच्या उपायाबद्दल मात्र कृपया यांतिनकाकूंना सांगा, की तो उपाय नाही.

तुमची,
प्लोनी


रॉटरडॅम, २१ मे १९५७

प्रिय ताई,

पाय दोन्ही शाबूत आहेत. मी जमिनीवर आहे.

काल टग सुटायची होती. धक्क्यावर बँड, फुलं, पेपरवाले, रोस्केनसाहेब नव्या टोपीत. कॉमरकाका तर फ्लार्डिंगनहून आपली सगळी माणसं घेऊन आले होते. पाणी आरशासारखं सपाट, टग भिंतीसारखी उभी. मी कॅमेरा घेऊन टगवर जायच्या फळीवर चढलो. फळी जराशी लवली. तेवढंच. माझं तोंड असं झालं की बँडवाल्याने वाजवायचं थांबवलं.

फळीच्या टोकाशी प्लोनी उभी होती. तिने हात माझ्या कॉलरकडे नेला होता, का ते मला कळेना. मी म्हणालो, "प्लोनी, मला समुद्र लागतो. पहिल्या दिवसापासून लागतो. आत्ता तर धक्काही लागतोय."

तिने हात खाली घेतला. म्हणाली, "हुश्श!"

"तू रागावली नाहीस?"

"तुझे बूट मी दोन वर्षं ओळखते, एव्हर्ट. उतर खाली."

आणि हसली. आधी डावीकडून.

रोस्केनसाहेब मात्र धावत आले. "म्हणजे ते क्षितिज?"

"मळमळ होती, साहेब."

"ती लय?"

"तीही."

ते डोकं धरून बसले. मग हळूच म्हणाले, "पेपरवाल्यांना सांगू नकोस." आणि एकाएकी वीरश्री संचारली त्यांना. माझ्या हातातून कॅमेरा हिसकावून घेतला, "मी स्वतः जातो! कलेसाठी!" असं ओरडले आणि चढले टगवर. आज सकाळी किनाऱ्यावरच्या पहिल्याच बंदरातून तार आली आहे: 'रेल्वेने परत येतो. अंतर राखायला हवे होते.'

सगळं छान झालं, एक सोडून. कॉमरकाकांनी माझ्याकडे पाहिलं, टोपी खाली ओढली आणि आपली माणसं घेऊन निघून गेले. प्लोनी म्हणते, "त्यांना पोटाचं काही नाही. त्यांच्याच बोटीवर, त्यांच्याच तोंडावर खोटं बोललास, ते लागलंय." लग्नाला येणार का विचारलं तर नुसतं खाकरले म्हणे.

रोस्केनसाहेब मला आता समुद्राजवळ उभंसुद्धा करणार नाहीत. नवा पट द्यायचा म्हणून देतायत: आपल्या ड्रेंटमधल्या हुनेबेडवर, त्या राक्षसांनी रचलेल्या म्हणतात त्या दगडांच्या ढिगांवर. हजारो वर्षं हललेले नाहीत. मी तर उड्याच मारल्या. उन्हाळ्यात तिकडेच येतो, दगड संपले की लग्नही तिथेच करू. पण वडील नसलेल्या मांडवात प्लोनीला कसं उभं करू, ते सांग.

एव्हर्ट


वेस्टरलो, ७ ऑक्टोबर १९५७

श्री. कप्तान कॉमर यांस,

रूल्फिनचा नमस्कार. लग्नाला आलात, फार बरं वाटलं. खाकरण्यावरून आम्ही वेगळाच अर्थ काढला होता.

पण मनाला एक रुखरुख लागली आहे म्हणून लिहिते. स्टेशनवरून आमच्या यजमानांच्या घोडागाडीत बसलात तेव्हा चांगले लालबुंद होतात. बटाट्याची गाडी खरी, पण मी स्वतः घासली होती, रिबिनी लावल्या होत्या, बसायला पेंढा होता. चर्चपाशी उतरलात तेव्हा तुमचा चेहरा मेणासारखा. नंतर जेवणाला हात लावला नाहीत, वाटाण्याच्या सूपकडे पाहून तर उठूनच गेलात. आणि परतताना गाडी नको म्हणून स्टेशनपर्यंत पायी गेलात!

आमचं काही चुकलं का? एव्हर्टवरचा राग अजून आहे का? त्याला विचारलं तर तो म्हणतो, वाटेत घोड्याला विश्रांती द्यायला गाडी थांबवली होती, त्यामुळे तुमचा खोळंबा झाला. अहो, आमच्या घोड्याने जन्मात विश्रांती मागितलेली नाही. यजमानांना विचारलं तर "उतरले," एवढंच म्हणाले.

एव्हर्टचा दगडांचा सिनेमा गावात दाखवला. एकही दगड हलला नाही. हे शेवटपर्यंत जागे होते. "आता कसं!" म्हणाले.

तुमची,
रूल्फिन


फ्लार्डिंगन, १५ ऑक्टोबर १९५७

रूल्फिनबाई,

मला पत्रं लिहायची सवय नाही. तुम्ही विचारलंत म्हणून लिहितो. वाचून चुलीत घाला.

सूप चांगलं असणार. मी चाळीस वर्षं समुद्रावर आहे, आइसलंडपर्यंत जाऊन आलो, एकदाही पोट हललं नाही. पण लाट येते ती दिसते. तुमच्या यजमानांची गाडी पुढे जाते, मागे जाते, मध्येच आडवी उडते, आणि का ते देवाला ठाऊक. तो पेंढा, तो बटाट्याचा वास, वर रिबिनी फडफडतायत. दुसऱ्या वळणावर मी संपलो.

मागून सगळी वरात येत होती. माझी माणसं होती त्यात. त्यांनी पाहिलं असतं तर मला बोट विकून कोंबड्या पाळाव्या लागल्या असत्या. शेजारी बसलेल्या तुमच्या भावाने माझ्या तोंडाकडे पाहिलं मात्र, आणि ओरडला, "थांबवा! घोडा दमला!" उडी मारून उतरला, मला हाताला धरून झुडपामागे नेलं आणि माझं कपाळ धरून उभा राहिला. लग्नाच्या नव्या कोटात. म्हणाला, "बाबा, एका झाडाकडे बघत राहा. श्वास घ्या. संपेल." त्याला या कामातलं सगळं येतं.

आमची माणसं विचारायला आली, तर म्हणाला, "कप्तान मला लग्नाआधी दोन शब्द सांगतायत, तुम्ही पुढे व्हा." तोंडावर रेषसुद्धा हलली नाही. इतकं सफाईदार खोटं मी बंदरातही ऐकलेलं नाही.

राग होता. तो त्या झुडपामागे राहिला.

पोर चांगलं आहे. फक्त यजमानांना सांगा, बारशाला बोलावलंत तर मी फ्लार्डिंगनहून चालत येईन.

कॉमर